नातजावयाची अंगठी

सेंगकांग, सिंगापूर
गुरुवार, जेवणानंतर

ठुक्-ठुक्, ठुक्. ठुक्-ठुक्, ठुक्.

प्रिय श्रीनिवासराव, पत्राची सुरुवात अशी हातोडीच्या आवाजाने केली म्हणून रागावू नका. सकाळपासून कानात तेवढंच वाजतं आहे. वाईला आमची शाळा आणि सोनाराचं दुकान यांच्यात एकच भिंत होती. पलीकडे तो सोनं ठोकायचा आणि अलीकडे आम्ही सगळा वर्ग मिळून नदीची कविता म्हणायचो, जिच्या प्रत्येक कडव्याच्या शेवटी नदी सागराला मिळायची. आमची चाल घसरली की गुरुजी भिंतीकडे बोट दाखवून म्हणत, "त्याच्याबरोबर चला रे, तो चुकत नाही." तेव्हापासून सोनं आणि कविता या दोन गोष्टी माझ्या डोक्यात एकाच ठेक्यात बसल्या आहेत. (सोनं आयुष्यात फारसं आलं नाही. कविता आल्या, त्याही पाठ्यपुस्तकातल्याच.)

असो. तुम्हाला आणि सौ. प्रणितावहिनींना शिवदासचा सप्रेम नमस्कार. तुमचे गुडघे कसे आहेत? जिने कमी करा, आणि दुपारी पाय उशीवर ठेवून पडत जा. "गुडघे. क्षमस्व. आशीर्वाद" हा तुमचा निरोप नरेशच्या फोनवर आला, तो त्याने मला वाचून दाखवला. माझ्या सुलेखाचा एकुलता एक भाऊ तिच्या नातीच्या लग्नाला येणार नाही, हे तीन शब्दांत आटोपलेलं पाहून वाईट वाटलं, पण गुडघ्यांपुढे कोणाचं चालतं? इकडे सर्व क्षेम आहे. नरेश, सूनबाई एकता आणि अदिती खुशाल आहेत. मीही खुशाल आहे, एक बोट सोडून.

त्या बोटाची हकीकत सविस्तर कळवायची तर फ्रान्सपासून सुरुवात करावी लागेल. अदितीचा नवरा मुलगा एतिएन हा तिकडचा, लिऑं गावचा. इथे तांजोंग पगारला तिच्याच ऑफिसात, तिच्याहून दोन मजले वर बसतो. मुलगा सालस आहे, वरणभाताला नावं ठेवत नाही. आता साखरपुड्याला मुलाला अंगठी आपल्याकडून, ही आपली रीत. म्हणून मी इथल्या एका दुकानातून घसघशीत पुष्कराज बसवलेली अंगठी आणून त्याच्यापुढे धरली. त्याने ती विनयाने घातली, हात लांब धरून पाहिला, आणि अदिती म्हणाली, "आजोबा, तो आता लोकांच्या पत्रिका बघेल लाह." अंगठी परत गेली. (हे 'लाह' म्हणजे इथल्या लोकांचं वाक्याला लावायचं शेपूट, 'आह'ही तसंच.)

मग मला कळलं की त्यांच्याकडे पुरुषाच्या लग्नाच्या अंगठीला खडा नसतो, नक्षी नसते, काही नसतं. आतून सपाट आणि बाहेरून अर्धगोल, असं साधं पिवळं कडं. काही हौशी मुलं हल्ली फितीसारखी चपटी घेतात, पण एतिएनच्या घराण्यात अर्धगोलच चालत आलं आहे. ती घ्यायची वधूने आणि सांभाळायची वधूकडच्यांनी. घालायची डाव्या हाताच्या करंगळीशेजारच्या बोटात, आणि मग जन्मभर काढायची नाही, भांडी घासताना नाही, झोपताना नाही. जी काय शोभा असते ती आतल्या बाजूला, जिथे वधूचं नाव आणि लग्नाची तारीख कोरतात. पूर्वी म्हणे तिकडे अशीही अंगठी असे की जी उघडली की तिची दोन कडी होत आणि मिटली की एक. हे ऐकून मी बराच वेळ खिडकीतून बाहेर पाहत बसलो. (एकताला वाटलं मला ॲसिडिटी झाली. तिने गोळी दिली, ती मी घेतली.)

डाव्या हाताबद्दल मी थोडा वाद घातला, हे कबूल करतो. शुभकार्य आणि डावा हात! एतिएन म्हणाला, "आजोबा, हृदय त्याच बाजूला आहे." वाद तिथेच मिटला. तसा मी मूळचा डावखुराच, पण गुरुजींच्या छडीने पहिलीतच उजवा केलेला, त्यामुळे डाव्या हाताची बाजू कोणी घेतली की मी मनातून विरघळतोच.

तर ती अंगठी तयार होऊन आली. आत 'अदिती' असं देवनागरीत कोरलेलं, पुढे रविवारची तारीख. घरात दिवसभर असतो कोण, तर मी, म्हणून ती माझ्या ताब्यात आली. आपल्या रीतीप्रमाणे मी ती देव्हाऱ्यात ठेवली, हळदकुंकू वाहिलं, आणि तिथेच थांबलो असतो तर हे पत्र लिहावं लागलं नसतं. पण सोमवारी सगळे ऑफिसला गेल्यावर मला वाटलं की पाहू तरी, डाव्या बोटात शुभ वस्तू कशी दिसते. श्रीनिवासराव, ती गेली लोण्यासारखी. यायला मात्र तयार नाही.

संध्याकाळी घरातल्यांना सांगावंच लागलं, कारण जेवताना मी डावा हात धोतराच्या सोग्यात लपवला आणि नरेशला वाटलं मला अर्धांगाचा झटका आला. नंतर जे झालं त्याला उपचार म्हणत नाहीत, गणेशोत्सवातले खेळ म्हणतात. साबण झाला, खोबरेल झालं, साजूक तूप झालं. नरेशने फोनवर एक व्हिडिओ पाहून बोटाला दोरा गुंडाळला, तेव्हा बोटाचं भरताचं वांगं झालं. शेवटी एकता म्हणाली, हात वर धरून बसा, सूज उतरेल. मी दोन दिवस खाली बाकावर हात वर करून बसलो. समोरून जाणारा प्रत्येक माणूस मला हात करू लागला. आता या ब्लॉकमध्ये माझ्याइतका लोकप्रिय माणूस नाही. या बैठकीतच दोन ओळी सुचल्या, भुजंगप्रयात आहे, ठेका तपासून घ्या:

तुझे नाव आतून कोणा दिसेना,
जगाला न ठावे, मलाही सुटेना.

काल एकता मला सेरंगूनला मॉलमधल्या दागिन्यांच्या दुकानात घेऊन गेली. काउंटरवरच्या चिनी बाईंनी माझं बोट पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं आणि अगदी गंभीरपणे विचारलं, "अंकल, यू द ग्रूम आह?" एकता हसून हसून खाली बसली. मी हसलो नाही. का ते पुढे सांगतो. बाईंचं म्हणणं असं की अंगठी कापावी लागेल, पुन्हा जोडता येईल, पण जोड बारकाईने पाहिलं तर दिसेल. उद्या, शुक्रवारी अकराला त्यांनी बोलावलं आहे, म्हणजे शनिवारपर्यंत जोडून मिळेल.

अंगठी कापायची हे अदितीला कोणत्या तोंडाने सांगू, याचीच मी येताना जुळवाजुळव करत होतो. पण पोर रागावली नाही. तिने माझा हात हातात घेऊन एवढंच म्हटलं, "आजोबा, तुम्हाला हवी होती का एक?" मी म्हटलं, छे, मी आपलं माप पाहत होतो. तिच्याबरोबर आलेल्या एतिएनने लगेच त्याच्या आजीला फोन लावला. या बाई स्क्रीनवर आल्या, आणि त्यांच्या डाव्या हाताच्या एकाच बोटात दोन अंगठ्या होत्या. नवरा गेला की तिकडची बायको त्याची अंगठी आपल्या बोटात घालते. त्याची सैल होते म्हणून ती आत, आणि आपली तिच्या बाहेर. एतिएनने भाषांतर केलं, "आजी म्हणते, माझी त्याच्या अंगठीला निसटू देत नाही." पुढे त्या म्हणाल्या की कापा खुशाल, आमच्या ह्यांचीही हॉस्पिटलात कापली होती, जोडाची रेघ मला बोटाने लागते, मला ती आवडते. आणि मला म्हणाल्या, मिस्टर शिवदास, तुमची कुठे आहे?

मी म्हटलं, आमच्यात नसते.

श्रीनिवासराव, इथे मला थोडं थांबावं लागलं, चष्मा पुसायला. तुम्हाला आठवतं का, सुलेखा गेली त्या आठवड्यात तिच्या बँकेतले एक गृहस्थ भेटायला आले होते. ते थेट तुमच्याकडे गेले, तुमचा हात धरून म्हणाले, "धीर धरा, सहचारिणी जाणं म्हणजे काय ते मी समजू शकतो." तुम्ही माझ्याकडे बोट दाखवलंत. त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं, काही खूण सापडते का ते. सापडली नाही, तेव्हा त्यांनी मलाही नमस्कार केला, जरा संशयानेच. त्या संध्याकाळी ओट्यावर तुम्ही म्हणालात, "भाऊजी, बायकांच्या अंगावरून काय काय उतरवतात. तुमच्या अंगावरून उतरवायला काहीच नव्हतं." मी उठून आत गेलो. तेव्हापासून आपण दिवाळीला एकमेकांना पणत्यांची चित्रं पाठवतो, त्यापलीकडे काही नाही. तुम्हाला वाटलं असेल मला ते टोचलं. टोचलं नाही. ते खरं होतं, आणि खऱ्याला काय उत्तर द्यावं ते कोणत्याच कवितेत मला शिकवलेलं नव्हतं.

काल दुकानातून परतताना एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, शेजारी एक चिनी आजीबाई होत्या. त्यांनी माझ्या बोटाकडे पाहिलं आणि हसून विचारलं, "युवर वाइफ नॉट कमिंग?" मी म्हटलं, ती घरी आहे. म्हटलं, गर्दीत तिला त्रास होतो. म्हटलं, वाट पाहत असेल. एकता ऐकत होती. तिने माझी पिशवी आपल्या हातात घेतली. सुलेखा गेल्यापासून पहिल्यांदा मला कोणीतरी तिच्याबद्दल विचारलं होतं, आणि तेही मी न सांगता, नुसतं बोट पाहून. मला वाटलं, हे चाळीस-पंचेचाळीस वर्षं चाललं असतं. बाजारात, एसटीत, शाळेच्या स्टाफरूममध्ये, जिथे जिथे ती माझ्याबरोबर नव्हती तिथे तिथे लोकांना दिसलं असतं की ती आहे. तिच्या गळ्याकडे पाहून माझी चौकशी सगळे करत. माझ्याकडे पाहून तिची कोणी केली नाही.

फार लिहिलं. रविवारी सकाळी आपल्या अक्षता, दुपारी त्यांची अंगठ्यांची देवघेव. तुमची आठवण निघेल. गुडघ्यांना जपा. वहिनींना नमस्कार सांगा.

आपला,
शिवदास

ता.क. : इथे फणसाचे गरे बारा महिने मिळतात, पण वाईच्या कापा फणसाची सर नाही. हे उगाच लिहिलं, जागा उरली होती म्हणून.

ता.क. २ : एक गोष्ट वर लिहायची राहिली. राहिली नाही, लिहिली नाही. अंगठी काल संध्याकाळीच निघाली. तांदूळ धुवायला घेतले होते, गार पाण्यात हात होता, आणि ती आपसूक बोटातून निसटून तांदळात पडली. मी ती पुसली, आतलं नाव वाचलं आणि परत घातली. आता पुन्हा घट्ट बसली आहे. घरात कोणाला सांगितलेलं नाही. उद्या अकरापर्यंतच प्रश्न आहे, आणि एतिएनच्या आजींना जोडाची रेघ आवडते, हे मी वर लिहिलंच आहे. तरी सकाळी पुन्हा गार पाण्याचा प्रयोग करीन. पोरीच्या नावावरून करवत फिरवायची माझी छाती नाही.

ता.क. ३ : ज्यासाठी पत्र लिहायला बसलो ते आता लिहितो. सुलेखाचं मंगळसूत्र माझ्याच्याने पाहवेना, म्हणून मी ते प्रणितावहिनींकडे ठेवायला दिलं होतं. त्यातल्या दोन वाट्यांपैकी एक सासरची, एक माहेरची. सासरची आमची, ती अदितीला जावी अशी इच्छा आहे. माहेरची तुमची. तुमच्या वडिलांनी घडवलेली, म्हणून तिच्यावर माझा हक्क नाही, आणि म्हणूनच विचारतो आहे. ती मला द्याल का? आटवून एक साधी अंगठी करून घेईन म्हणतो, बाहेरून अर्धगोल, आत तिचं नाव. या वयात लोक हसतील. हसू देत. म्हणजे निदान मी गेलो की माझ्या अंगावरून उतरवायला काहीतरी असेल. नाही म्हणालात तरी राग नाही, पण नाही म्हणायचं असेल तर तेवढं तीन शब्दांत नको, चार ओळी लिहा.

ता.क. ४ : बेल वाजली. या वेळी कोण? मी खिडकीशीच बसलो आहे, कॉरिडॉर सगळा दिसतो. जाळीच्या दाराबाहेर एक गृहस्थ एका गुडघ्यावर हात ठेवून उभे आहेत, शेजारी बॅग, गळ्यावरचा घाम पुसत घराचा नंबर फोनशी ताडून पाहताहेत. श्रीनिवासराव, तुम्ही आहात. पुन्हा बेल दाबू नका, उठतो आहे. हे पत्र पाकिटात न घालता तुमच्या हातात देतो, कारण ता.क. ३ मला तोंडाने सांगता येणार नाही. तुम्ही बसून वाचा, मी आत चहा टाकतो. चहा उकळेपर्यंत बाहेर येणार नाही.