वेशीचं कापलेलं चित्र

मालेगाव, मंगळवार, संध्याकाळ

संपलं. आता कुठं शोधायचं? गावाचा इतिहास लिहायला बसलो आणि रस्त्यासाठी पाडलेल्या आमच्या वेशीचा एक फोटो मिळेना. रिसोडच्या जुन्या फोटोवाल्याकडे नाही, वाशीमच्या कचेरीत नाही. शेवटची आशा होती इथल्या वाचनालयातला जिल्ह्याचा जाडजूड संदर्भग्रंथ. चित्रांच्या यादीत आमची वेस आहे. पान उघडलं, तर शिवणीजवळ बोटभर कागद उरलेला. बाकीचं पान ब्लेडनं कापून नेलेलं.

मी ओरडलोच, "कोणत्या नालायकानं कापलं हे?"

ग्रंथपाल सुनंदा माझीच जुनी विद्यार्थिनी. मान खाली घालून म्हणाली, "मीच, सर. सातवीत. तुमी चित्रसंग्रहाची वही करायले लावत होते ना? मंग आमी चित्रं कुठून आनाव?"

"वही कुठाय?"

"माह्या लग्नानंतर मायनं रद्दीत देल्ली."

तीस वर्षं दरसाल वर्गभर वह्या तपासल्या. पोरं एवढी चित्रं आणतात कुठून, हे एकदाही विचारावंसं वाटलं नाही? तो बोटभर कागद डोळ्यांपुढून जात नाही. काप किती सरळ! फूटपट्टी लावून कापा, हेही मीच शिकवलेलं.

निघताना सुनंदा म्हणाली, "तुमी त्याच्याखाली लाल शाईनं ‘उत्तम’ लिवलं होतं."

म्हणजे ते चित्र माझ्या हातात आलं होतं. तेव्हा वेस गावात उभीच होती. चित्राकडे कशाला पाहिलं असेन मी? कडा सरळ आहेत की नाही, तेवढंच पाहिलं असेल.