भाकरीवरचे टोचे

प्रिय हिल्का,

देवाची शांती असो. आपल्या नमस्काराचे हे शब्द वीस वर्षांनी लिहितेय. धर्ममंडळी सोडून गेलेल्या बाईने ते लिहावेत की नाही, कोण जाणे; पण नुसतं 'कशी आहेस' लिहिणं त्याहून खोटं वाटलं. इकडे हेलसिंकीत बर्फ वितळून नुसता चिखल झालाय. तुमची नदी अजून गोठलेलीच असेल.

मंडळीतल्या बायकांवरच्या माझ्या फिल्मला बक्षीस मिळालं हे तुझ्या कानावर आलंच असेल. टीव्ही म्हणजे पाप, म्हणून आपल्या मंडळीत एकाच्याही घरी तो नाही, आणि फिल्म मात्र झाडून सगळ्यांनी पाहिली, मोबाइलवर, दाराला कडी लावून. आई असती तर म्हणाली असती, "सोईली, प्रवचनाला एवढी माणसं जमवली असतीस तर तुझं सोनं झालं असतं."

मागच्या शरदात कॅमेरा घेऊन तुझ्याकडे आले तेव्हा मी जाम वैतागले होते. मंडळीतल्या पाच बायकांशी बोलून झालं होतं आणि पाचही जणी एकच सांगत होत्या, लेकरं देवाची देणगी, देईल तेवढी घ्यायची. तू बार्लीची भाकरी थापत होतीस. मी काही विचारलंही नव्हतं, तूच म्हणालीस, "अकराव्या खेपेला, कपडे वाळत घालताना रक्त दिसलं ना, तेव्हा मला आनंद झाला गं. सुटले म्हटलं. कॉफी केली आणि चांगले दोन कप प्यायले." मग हसलीस. "पण कार्टी चिवट निघाली! आणि आता बघ, तिच्यावाचून माझं पान हलत नाही." हे शेवटचं मी फिल्ममध्ये ठेवलं नाही. लांबत होतं, म्हणून कापलं.

तुझा चेहरा दाखवला नाही, आवाजही एका नटीचा घेतला. पण हात ठेवले. थापलेल्या भाकरीवर काट्याने टोचे मारणारे तुझे हात, अकरा सेकंद. कडेने तीन-तीन टोचे आणि मधला भाग कोरा, ही आपल्या आईची रीत. उन्हाळ्याच्या सभेत टेबलावर शंभर भाकऱ्या पडल्या तरी कुठली कोणाची हे बायका नुसतं बघून सांगतात. "इतकी वर्षं बाहेर राहिले, टोच्यांवरून ओळखतात हे विसरले गं," असं मी तुला फोनवर म्हटलं. ते खोटं होतं. फिल्म जुळवताना पडद्यावरचे टोचे मी पहिल्या झटक्यात ओळखले होते. दृश्य फार देखणं होतं, हिल्का. मला ते सोडवेना.

त्याच फोनवर तू सांगितलंस की टोचे ओळखले गेले, मग शिवणमंडळात सगळ्यांसमोर उभं राहून माफी मागितलीस, बायकांनी गळ्यात हात टाकले, माफ केलं म्हणाल्या. आणि त्याच दमात, "तुलाही केलं गं माफ, तू मागितली नाहीस तरी." मग जाता जाता सांगावं तसं सांगितलंस, "औने विचारत होती, आई, ती मीच ना? हो म्हटलं. लेकीशी खोटं कसं बोलू? तेव्हापासून माझ्या हातची भाकरी खात नाही. दुकानातला पाव खाते, महाराणी." आणि लगेच माझ्या पाठदुखीची चौकशी केलीस. मला त्या क्षणी तुझा राग आला, आणि मग स्वतःची इतकी लाज वाटली की फोनच ठेवून दिला.

हे पत्र माफीसाठी नाही. आपल्यात माफी मागितली की समोरच्याला नाही म्हणता येत नाही, आणि तू तर माझं वाक्य पुरं व्हायच्या आतच गळ्यात हात टाकशील. शुक्रवारी दुपारच्या बसने येतेय. दारात मिठी मारू नकोस. आधी मला झाप, तोंडाला येईल ते बोल, आईनेही कधी वापरले नसतील असे शब्द वापर. तुझं कापलेलं वाक्य मी स्वतः औनेला सांगेन, ते कापणारी मीच हेही सांगेन. पण त्याआधी तू रागावशील तेव्हा तिला तिथेच बसू दे. बारा वर्षांची पोर आहे. या सगळ्यात सगळ्यांनी सगळ्यांना माफ केलं, पण तिच्यासाठी अजून कोणी रागावलेलंच नाही.

तुझीच,
सोईली