छिन्नीचा आवाज

४ मार्च
सकाळी मंदारचा फोन. माझ्या सगळ्या फिल्म तोच कापतो-जोडतो. "ताई, पाठवलंय ते बघ. बसून बघ." उभ्यानंच बघितलं. तोंडात ब्रश तसाच.

आपल्याच फिल्ममधला शॉट! गुलमंडीमागची गल्ली, जुना दगडी हौद, पाठमोरे युसूफचाचा, हातात छिन्नी-हातोडी. कुणीतरी तेवढाच तुकडा कापून पसरवलाय, वर लाल अक्षरं: 'बघा, आपला इतिहास कसा फोडतात!'

फोडतात? दिवाळीला गल्ली भिंती रंगवते, त्या भरात हौदावरच्या कोरीव कमळालाही चुना फासते. मग चाचा आपलं घड्याळदुरुस्तीचं दुकान बंद ठेवून तो चुना खरवडत बसतात. दरवर्षी. गल्लीतल्या शेंबड्या पोरालाही हे ठाऊक आहे. माझ्या फिल्ममध्ये मात्र कुठंच नाही.

५ मार्च
त्या तुकड्याखाली शिव्या लिहिणाऱ्यांत वर्गमैत्रिणीचा नवरा. उस्मानपुऱ्यात माझ्या घरी बासुंदी ओरपून गेलेला माणूस.

फिल्ममध्ये निवेदन नको, मुलाखत नको, इतिहास सांगायचा नाही, कॅमेरा घेऊन त्याच्यासमोर नुसतं बसायचं. किती ठिकाणी ठोकलंय हे भाषण! रिकामी जागा सोडली की प्रेक्षक विचार करतो म्हणे. टाळ्याही घेतल्या. सोडलेली जागा कुणीतरी बरोबर भरली.

६ मार्च
चाचांची मुलगी नसरीन. फोनवर. "ताई, शटरला कुणीतरी काळं फासलंय. अब्बा घराबाहेर निघंनात. छिन्नी कुठं फेकून आले, तेबी सांगंनात." मग हळूच, "अब्बा काय करत होते ते तुम्हीच सांगा ना लोकांना." आवाजात राग नव्हता. असता तर बरं वाटलं असतं.

मंदारला कळवलं, मूळ फुटेज काढ. चाचा काम करताना सारखे बोलतात. ते टाकलं की मिटलं.

७ मार्च
सापडलं. मंदारशेजारी बसून बघितलं. चाचा वळून कॅमेऱ्याकडे बघतात. छिन्नी पाकळीपाशी. "देखो बेटा, इथं लई हळू मारावं लागतं, कारण हे..."

आणि माझा आवाज. चांगला ठणठणीत. "चाचा, बोलू नका. नुसतं करत राहा."

पुढं फक्त छिन्नी. शेवटपर्यंत.

मंदारनं खुर्ची मागं सरकवली. इतकी वर्षं स्वतःला ऐकणारी बाई समजत आले. कारण हे... काय होतं पुढं?

९ मार्च
चाचांच्या घरी गेले. कॅमेरा न्यावा की नको, रिक्षात बसेपर्यंत घोळ. नेला.

चाचांची दाढी वाढलेली. माफी मागितली, तर म्हणाले, "चहा घे, थंड होतोय." लोकांनी काय काय लिहिलंय, सगळं वाचलंय त्यांनी. त्या दिवशीचं अर्धं वाक्य पुरं करा म्हटलं, सगळ्या शहराला ऐकवते. कॅमेरा लावला. लाल दिव्याकडे बघत राहिले.

"आता बोलू?"

"हो चाचा. बोला ना."

टोपी सरळ केली. घसा खाकरला. तेवढ्यात खाली गल्लीत मोटरसायकल थांबली. नसरीननं पटकन खिडकी लावली. मोटरसायकल निघून गेली तरी चाचा कान देऊन बसलेले. खोलीत तीन माणसं, कुणी बोलेना. असल्याच शॉटसाठी मी जीव टाकायचे.

कॅमेरा मीच बंद केला.

निघताना म्हणाले, "कल आ, बेटा." कॅमेरा आणू का, हे विचारायचा धीर झाला नाही.