पुसलेला धक्का

मंगळवार, संध्याकाळ. तलासरी

आज अकरावीला प्रमाण विचलन, म्हणजे आकडे सरासरीपासून किती विखुरलेत ते, शिकवलं. आकडे इथल्याच भूकंपाच्या धक्क्यांचे घेतले. एक मोठा धक्का गणित बिघडवत होता, तो मी फळ्यावरून पुसून टाकला. मग उत्तर कसं छोटं, सुबक आलं. मुलंही खूश.

घरी आलो तर आई नेहमीसारखी अंगणात ताडपत्रीखाली अंथरूण घालत होती. म्हटलं, "आई, मी हिशोब केलाय. सगळे धक्के बारीकच असतात. आता आत झोपत जा."

"आणि ज्याने मागची भिंत पाडली, तो?" तिने शांतपणे विचारलं.

तोच पुसला होता मी. पुसताना हात जरासुद्धा कसा अडखळला नाही? त्या भिंतीला टेकून ती रोज तांदूळ निवडायची.

आज माझंही अंथरूण बाहेर घातलंय.