बाबांची वाक्यं

४ जून

आज बाबा चुकले. दुसऱ्या अंकात. भर प्रयोगात!

नाटकातही मी त्यांची लेकच. एकट्या बापाला आपल्या घरी न्यायला आलेली. मी म्हणते, "चला माझ्याबरोबर," आणि ते खुर्चीतून न उठता नकार देतात. एवढा साधा प्रसंग. आज ते मध्येच उठले, खिडकीशी गेले आणि माझ्यावरच उसळले, "न्यायला आलीस ना मला? मग म्हण की तसं!"

हे वाक्य नाटकात नाहीच! कसंबसं सावरून घेतलं. वर टाळ्या पडल्या. प्रेक्षकांना काय कळतंय!

विंगेत गाठून विचारलं, "बाबा, काय झालं?" तर हसले. "काही नाही गं. निभावलं ना? झालं तर मग."

काही नाही कसं?

७ जून

आजोबांचं असंच सुरू झालं होतं. मी शाळेत होते तेव्हा. तोंडाला रंग लावायला बसले की आरशाला विचारायचे, "काय हो, आज आम्ही कोण?" म्हणजे भूमिका कोणती. सगळे हसायचे. मग एके दिवशी त्यांनी ते खरंच विचारलं.

एरवी आमच्या घराला भीती ठाऊक नव्हती. मी तान्ही असताना आईने मला थेट रंगमंचावर नेलं. बाहुली ऐन वेळी सापडेना म्हणून! आई गेली त्या संध्याकाळीही प्रयोग झाला. पुढे मी मालिकांत रमले, नाव झालं, लोक रस्त्यात ओळखू लागले. परत आले ते बाबांच्या एका फोनवर. "माझ्यासमोर उभं राहील असं आता तुझ्याशिवाय कोणी नाही."

आणि आता हे.

११ जून

पुन्हा! आज तर माझंच वाक्य त्यांनी तोंडातून काढून घेतलं. "तू म्हणशील, एकटे कसे राहाल—" अहो, ते मी म्हणायचं! आधी राग आला. मग घरी येऊन भाजी चिरताना कळलं, राग नव्हताच तो, भीती होती.

१२ जून

झोप नाही.

१५ जून

दादाशी बोलले. नाटकाची सगळी व्यवस्था तोच बघतो, थोरला म्हणून. म्हटलं, "बाबांचं काहीतरी बिनसलंय."

त्याने चहाचा कप खाली ठेवला. "तुला असं वाटतं?"

"वाटतं काय? सगळ्यांदेखत घडतंय!"

"बरं. बघू."

याचं नेहमीचंच. अंगाला म्हणून काही लावून घ्यायचं नाही. आणि अक्कल बघा— वाक्यं सुचवणाऱ्या प्रॉम्प्टरला आणून उभं केलंय माझ्या बाजूच्या विंगेत! म्हटलं, बाबा तिकडे बसतात, हा इकडे कशाला? "तिकडे दिव्यांची गर्दी आहे," म्हणाला. शहाणाच आहे!

१९ जून

नाट्यगृहाकडे वळायचं तर मी सरळ पुढेच गेले. चौक रोजचा, औषधांचं दुकान रोजचं, आणि तरी क्षणभर काही उलगडेना. डोकं काळजीने पोखरून निघालंय, दुसरं काय.

पोचले तर मेकअपवाले काका दारातच. "ताई, बाबा कधीचे आत-बाहेर करतायत." ग्रीनरूममध्ये कुजबुज चालली होती. मी पाऊल टाकलं आणि सगळे चिडीचूप. म्हणजे त्यांनाही कळलंय! बिचारे बाबा. हयात घालवली या लोकांत, आणि आता पाठीमागे चर्चा.

२२ जून

लिहवत नाही. पण लिहिते.

आज मोठी शांतता पडली. मी बाबांकडे बघतेय— बोला ना, बाबा, बोला! ते माझ्याकडे बघतायत. त्या डोळ्यांत तसली भीती मी जन्मात पाहिली नव्हती. विंगेतून प्रॉम्प्टर कुजबुजत होता, शब्द कळत नव्हते. पहिल्या रांगेत कोणीतरी खोकलं.

मग ते उठले. माझा हात धरला. नाटकात ते कुठेही माझा हात धरत नाहीत! आणि दोघांचंही तेच बोलत सुटले. प्रश्नही त्यांचा, उत्तरही त्यांचंच. पडदा पडेपर्यंत.

त्यांचा हात दगडासारखा घट्ट.

२३ जून

सकाळीच मनाचा हिय्या करून म्हटलं, "बाबा, एकदा डॉक्टरांना दाखवू या का?"

वाटलं, आता कडाडणार. तापाने फणफणत प्रयोग केलेला माणूस तो! पण त्यांनी पेपर खाली ठेवला. चष्मा पुसला. "चल. उद्याच जाऊ."

इतक्या पटकन? म्हणजे त्यांना स्वतःला कळतंय. हे तर जास्तच भयंकर.

"घाबरू नका," म्हटलं, "मी आहे ना." तर त्यांनी तोंडच फिरवलं.

तारीख नंतर घालते

डॉक्टरीणबाई माझ्याहून लहान. बाबांनी त्यांना बोलूच दिलं नाही. आपली खुर्ची मागे घेतली आणि मला पुढे बसवलं. "डॉक्टर, मी नुसता सोबत आलोय. तपासायचंय ते हिला."

मी हसले. दुसरं कोणी हसलं नाही.

"आज वार कोणता, ताई?"

मी बाबांकडे पाहिलं. ते मान खाली घालून बसले होते. आज त्यांनी वाक्य दिलं नाही.