अंगठ्याने पुसलेलं नाव

बेंगळूर, मंगळवार, १२ नोव्हेंबर २०२४

दिवाळीला पाठवलेला चिरोट्यांचा डबा न उघडता परत केलास. चौदाव्या मजल्यावर राहायला गेलीस म्हणून धाकट्या बहिणीने थोरलीच्या हातचं खायचं नाही काय? मारतहळ्ळीत असंच असतं?

कृष्णे, आशीर्वाद. माझे दात तीन उरलेत, जीभ शाबूत आहे.

टॉकीज पुढच्या महिन्यात पाडणार. लेडीज गेटवर तीस वर्षं तिकिटं फाडली, म्हणून मला अजून आत सोडतात. मॅटिनीला दहा माणसं, त्यातली चार झोपायला आलेली.

गेल्या आठवड्यात सोमवारी पिक्चर मधेच काळा झाला. मधोमध पांढरा डाग, माणसाएवढा, त्यात बारीक रेषा. ऑपरेटर कार्तिक धावत खाली आला. "मशीनमध्ये असलं काही नाही, अज्जी."

"मग मला म्हातारीला दिसतंय ते काय?"

"मलाही दिसतंय. तेच बरं नाही."

डागात आडवी खूण होती. विळीने कापल्याची. ठसा माझ्या अंगठ्याचा, कृष्णे.

आई गेली त्या दिवशी तू वर बाल्कनीतल्या लेडीजमध्ये पिक्चर बघत होतीस. तेव्हा कोणाला तातडीने बोलवायचं तर काचेवर काजळी धरून खिळ्याने नाव लिहायचे, ऑपरेटर ते पडद्यावर दाखवायचा. मी लिहिलं, 'क्रुष्णाबाई, आई बोलावते.' आणि अंगठ्याने पुसून टाकलं. नऊ महिने अंथरुणाशी मी, आणि तिच्या तोंडात नाव तुझं. सगळ्यांना सांगितलं, दोनदा दाखवलं, ही उठली नाही. तू देवाशपथ सांगत राहिलीस, मी गप्प बसले. चाळीस वर्षं झाली.

आता रोज मॅटिनीला डाग स्वल्प लहान होतो. खालून अक्षरं निघतात, माझीच, चुकीसकट.

काल नाव पुरं दिसलं. लेडीजमध्ये एक खुर्ची खटकन मिटली, कोणी उठल्यावर मिटते तशी. दाराचा पडदा हलला. चपलांचा आवाज माझ्या अंगावरून जिन्याकडे गेला. माणूस नव्हतं. मी म्हटलं, "कृष्णे?" आवाज एका पायरीवर थांबला. मग खाली गेला.

तुला काही झालं असतं तर तुझ्या लेकाने कळवलं असतं ना? की अक्काला कळवू नका, असं तूच सांगून ठेवलंयस?

माफी मागत नाही. पानभर शिव्या लिही.

तुझी थोरली,
गोजरा

लेकाने, सुनेने लिहिलेलं चालणार नाही. उत्तर तुझ्या हातचं पाहिजे.