चॉकलेट चारदा

३ फेब्रु., सोम. अंधेरी ऑफिस.
आमच्या कोरियन बॉसचे, हानसाहेबांचे, वडील सोलहून आलेत. वय ऐंशीच्या पुढे. इंग्रजी शब्द तीनच येतात: हॅलो, थँक्यू, चॉकलेट. लहानपणी, कोरियाच्या लढाईत, अमेरिकन सैनिकांकडून उचललेले. शुक्रवारी अमेरिकन पाहुण्यांसमोर बोलणार. इंग्रजी मी करायचं. नीट झालं तर पर्मनंट. तीन वर्षं दुभाषी म्हणून कॉन्ट्रॅक्टवर घासतेय.

५ फेब्रु.
आजोबांबरोबर तालीम. चॉकलेट मिळालं खरं. पण आदल्या दिवशी अमेरिकनांच्याच विमानांनी गाव जाळलं होतं. धाकटी बहीण सुनी त्यात गेली. सकाळी सैनिक आले, एकाने हातावर चॉकलेट ठेवलं. "खाल्लं मी. भूक होती."
साहेबांना सांगितलं. ते अमेरिकेत शिकलेले. म्हणाले, "बहीण गाळ. अमेरिका नसती तर आज आम्ही कुठे असतो?" सख्खी आत्या, पण आवाज जराही हलला नाही.
मी लगेच ओके सर. विचारसुद्धा केला नाही.

७ फेब्रु., शुक्र.
आजोबा सात मिनिटं बोलले, रडले. मी दोन मिनिटांत गोड गोष्ट उरकली. रडणंही वापरलं, कृतज्ञतेचं म्हणून सांगितलं. टाळ्या. एका पाहुण्या बाईंनी पर्समधून चॉकलेट काढून त्यांना दिलं. कोरियन रीतीप्रमाणे आजोबांनी दोन्ही हातांनी घेतलं, वाकले. सगळ्यांचे मोबाइल वर.
साहेब खूश. मीपण.

८ फेब्रु. घाटकोपर.
आईला व्हिडिओ दाखवला.
"म्हातारा एवढा रडतोय गं, आणि ही लोकं हसतायत का?"
"तुला नाही कळणार."
माझं ताट वाढलं आणि स्वतःचं घेऊन ओट्याशी जाऊन बसली. बसू दे.

१० फेब्रु., सोम.
पर्मनंटचं पत्र आलं. लंचला आजोबा माझ्या टेबलाशी. आवाज अगदी साधा.
"चॉकलेट मी एकदा म्हणालो. तू चारदा. सुनीचं नाव मी सहादा घेतलं, तुझ्या तोंडून एकदाही आलं नाही. इंग्रजीत माणसांची नावं बदलतात का?"
मी म्हणाले, हो. बदलतात.
हलकट आहे मी.
मान डोलावली त्यांनी. खिशातून छोटी वही काढली, दोन्ही हातांनी पुढे केली. "मग तिचं इंग्रजी नाव लिहून दे. पाठ करतो."
वेळ मारून नेली. वही घरी आणलीय. उद्या सकाळी मागणार. पान अजून कोरंच.